अम्मीचा हिशेब

अम्मी गेली ती जानेवारी 2014 मध्ये. बिडी कारखान्यात माल देऊन घरी येत होती. रस्ता ओलांडताना ट्रकने उडवले. दुसऱ्या दिवशीच्या बिड्यांची पाने आणि तंबाखू रस्त्यावर सांडला होता, एवढे लोकांनी येऊन सांगितले. बाकीचे आम्ही विचारले नाही.

चाळीसावा झाला आणि मामूंनी वकिलाचे नाव काढले. अब्बा तयार नव्हते. जिवाचे पैसे कसे घ्यायचे? मामू म्हणाले, "शरियतमध्ये दियत आहेच की." खरे आहे. चुकून कुणाचा जीव गेला तर वारसांना दियत द्यावी, हे कुराणातच आहे. मामूंनी एवढेच सांगितले नाही, की जुन्या फिकहमध्ये बाईची दियत पुरुषाच्या निम्मी धरत आले. बरे, इकडचा कायदा तरी कुठे उदार होता? मोटार वाहन कायद्याला 1994 मध्ये एक तक्ता जोडला होता. त्यात न कमावणाऱ्या बायकोचे उत्पन्न नवऱ्याच्या कमाईच्या एक तृतीयांश धरा, असे छापले होते. निम्म्यावरून तिसऱ्या हिश्श्यावर! 2019 च्या दुरुस्तीने तो तक्ता गेला.

वकिलांनी आम्हाला हिशेब समजावला. मयताची महिन्याची कमाई घ्यायची, पुढे वाढली असती म्हणून तीत भर घालायची, त्यातून मयताचा स्वतःचा खर्च वजा करायचा, बाराने गुणायचे, मग वयाप्रमाणे ठरलेल्या गुणकाने गुणायचे. शाळेतल्या उदाहरणासारखे वाटले. अडलो ते पहिल्याच पायरीवर. अम्मी पंचवीस वर्षे बिड्या वळत होती, पण कारखान्याचे कार्ड शेजारच्या खालांच्या नावावर. आमच्या वस्तीत हे नवे नाही. कागदावर अम्मीने एकही बिडी वळलेली नव्हती. मग ती गृहिणी ठरली. गृहिणीच्या कामालाही मोल आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये लता वाधवा खटल्यात मान्य केले होते. तिथे महिना 3,000 रुपये धरले होते. अम्मीचे 6,000 धरले गेले.

वयाचाही घोळ. रेशनकार्डावर 52, आधारवर 46. नानी सांगायची, "कोयनेचा भूकंप झाला त्या साली झाली." ते साल 1967, पण नानीचे म्हणणे पुरावा नव्हे. 46 असेल तर 13 ने गुणायचे, 52 असेल तर 11 ने, आणि भरही कमी. विमा कंपनीच्या वकिलांनी अर्थातच रेशनकार्ड धरले. शेवटी उर्दू शाळेच्या जुन्या रजिस्टरात अम्मी सापडली. जन्मतारीख 1 जून 1967. गुरुजींनी बहुतेक वर्गाचाच वाढदिवस 1 जूनला लावला होता. त्यांचे भले होवो.

अब्बांचा उलटतपास मात्र आम्हाला अजून आठवतो. कंपनीच्या वकिलांनी विचारले, "मयत स्वतःवर महिन्याला किती खर्च करायची?" अब्बांना प्रश्नच कळला नाही. दुसऱ्यांदा विचारल्यावर म्हणाले, "उनो क्या खर्चा करती थी साब? सबका खाना हुए बाद खाती थी." लिहून घेणाऱ्याने लिहिले, 'सांगता येणार नाही.' सांगता आले असते तरी फरक पडला नसता. अवलंबून असलेले दोन-तीन असतील तर एक तृतीयांश कापायचे, असा 2009 पासून ठरलेला नियम आहे. ईदला दोन वर्षांनी एकदा साडी घेणाऱ्या बाईचाही तोच, रोज हॉटेलात जेवणाऱ्या पुरुषाचाही तोच.

निकाल मार्च 2018 मध्ये लागला. 6,000 मध्ये 25 टक्के भर म्हणजे 7,500. एक तृतीयांश वजा, राहिले 5,000. वर्षाचे 60,000. गुणिले 13, म्हणजे 7,80,000. दफनखर्चाचे 15,000, इस्टेटीच्या नुकसानीचे 15,000, अब्बांचा सहवास गेला त्याचे 40,000. एकूण 8,50,000 आणि व्याज. आमची आई गेली, तिचे काही नाही. तसे मुलांनाही द्यावे, हे सर्वोच्च न्यायालयाने त्याच वर्षी सप्टेंबरात सांगितले.

वाटे तीन पडले. अब्बांचा एक आणि आम्हा दोघा धाकट्यांचा एकेक. आपाचे लग्न झालेले, म्हणून ती अवलंबून नाही. आम्ही मान हलवली. अम्मी गेल्यावर हीच आपा पाच महिने सासर सोडून आमच्याकडे राहिली होती. पहाटे उठून रोट्या, अब्बांच्या गोळ्या, रमजानात सहरी. सासरी ऐकून घेतले ते वेगळेच. पैसे आले तेव्हा आम्हाला यातले काही आठवले नाही. खोटे कशाला सांगायचे.

आठवले ते जानेवारी 2021 मध्ये. गृहिणींच्या भरपाईवर सर्वोच्च न्यायालयाचा आणखी एक निकाल आला. न्यायमूर्ती रमणा यांनी 2019 च्या वेळ-वापर पाहणीचे आकडे दिले होते. घरातल्या बिनपगारी कामात बाईची दिवसाला 299 मिनिटे जातात, पुरुषाची 97. ते वाचून आम्ही कागद घेतला. पाच महिने, कोर्टाच्या दराने 6,000. तीस हजार झाले. अब्बांना विचारले, त्यांनी नुसती मान हलवली. मग आपाला फोन लावला.

आपा बराच वेळ बोलली नाही. मागे कुकरची शिट्टी ऐकू आली. मग म्हणाली, "एक तृतीयांश कापले का नाही? मी पण तिथेच जेवत होते."