शेवटचे चार आकडे

२०१८ च्या जानेवारी-फेब्रुवारीत ठाणे पोलिसांच्या गुन्हे शाखेनं काही खासगी गुप्तहेरांना पकडलं होतं. लोकांच्या मोबाइलचे सीडीआर बेकायदा मिळवून विकल्याचा त्यांच्यावर आरोप होता. सीडीआर म्हणजे कोणी कोणाला कधी फोन केला, किती वेळ बोलला आणि तेव्हा त्याचा फोन कुठल्या टॉवरखाली होता, याची यादी. एकमेकांवर संशय घेणारे नवरा-बायकोही गिऱ्हाइकांत असल्याचं बातम्यांत येत होतं. डोंबिवली एमआयडीसीतल्या माझ्या ऑफिसात (ऑफिस म्हणजे पत्र्याची खोली) मी ती बातमी ड्रायव्हरांना मोठ्यानं वाचून दाखवली. ‘काय एकेक लोक असतात,’ असंही वर म्हणालो.

पुढे तेच काम मी स्वतः करायला लागलो. मला कोणाला पैसे चारावे लागले नाहीत की चोरून काही मिळवावं लागलं नाही. सामान घरपोच आलं, पावतीसकट.

माझे तीन टेम्पो आहेत. अंबरनाथ-बदलापूर-डोंबिवलीच्या कारखान्यांतला माल ठाण्याला वागळे इस्टेटमध्ये आणि भिवंडीच्या गोदामांत पोचवायचा, हा धंदा. प्रवासी गाड्यांना २०१९ पासून ट्रॅकिंगची सक्ती सुरू झाली, मालाच्या टेम्पोला मी ते हौसेनं बसवलं. फिटरनं डॅशबोर्ड उघडून काड्यापेटीएवढं एक काळं यंत्र आत दडवलं, बॅटरीची वायर जोडली आणि माझ्या मोबाइलवर ॲप टाकून दिलं. नकाशावर माझे तीन टेम्पो सरपटताना बघून मला जो आनंद झाला तो सांगण्यासारखा नाही. नंतर नंतर जेवतानाही मोबाइल ताटाशेजारी उघडा असायचा.

मला वाटायचं, वरून उपग्रह माझी गाडी बघतोय. तसं काही नसतं. जीपीएसचे उपग्रह सुमारे वीस हजार किलोमीटर उंचीवरून आपली वेळ आणि आपली जागा तेवढी सांगत राहतात. खाली कोण ऐकतंय हे त्यांना ठाऊकही नसतं. यंत्र किमान चार उपग्रहांचे संदेश ऐकतं आणि प्रत्येक संदेशाला पोचायला किती वेळ लागला त्यावरून स्वतःचा ठावठिकाणा काढतं. इथपर्यंत सगळं त्याच्या पोटातच असतं. चहाडी करतं ते आतलं सिमकार्ड. ते हा ठिकाणा दर काही सेकंदांनी विक्रेत्याच्या सर्व्हरला कळवतं आणि तिथून तो माझ्या ॲपवर येतो. ही दोन कामं वेगळी आहेत आणि त्यातलं दुसरं मोबाइलच्या नेटवर्कवर चालतं, एवढं जरी समजून घेतलं असतं तर एका माणसाची भर ऑफिसात बेअब्रू झाली नसती.

तो माझा सगळ्यात जुना ड्रायव्हर. वागळेला माल उतरवून मुंब्रा बायपासनं परत येत होता. ॲपमध्ये गाडी बायपासवर एका ढाब्याजवळ उभी. बराच वेळ झाला तरी हलेना. मी फोन लावला तर म्हणाला, ‘शेठ, शिळफाट्याला अडकलोय, गाड्या हलत नाहीत.’ मी म्हटलं, ‘मला येडा समजतोस काय? तू कुठंयस ते मला दिसतंय.’ तो आल्यावर बाकीच्या दोघांसमोर त्याला झापलं आणि त्या दिवसाचा भत्ता कापला. खाली मान घालून गेला तो. खरं म्हणजे बायपासच्या डोंगरकडेला नेटवर्क गेलं आणि यंत्राचा संदेश सर्व्हरला पोचायचा थांबला होता. ॲप बिचारं शेवटची जागा धरून बसलं होतं. शिळफाट्याचा जाम अगदी खरा होता. नकाशाखाली बारीक अक्षरांत शेवटचा संदेश किती वाजता आला ते लिहिलेलं असतं. ती ओळ मी त्या दिवसापर्यंत कधी वाचलेली नव्हती.

वाचली तेव्हाही मी भत्ता परत केला नाही. शेठ चुकला असं ड्रायव्हरला सांगायची आमच्या धंद्यात पद्धत नाही, अशी मी माझी समजूत काढली.

त्याच ड्रायव्हरचा टेम्पो रात्री दिव्याला त्याच्या चाळीसमोर उभा असतो. सुट्टीच्या दिवशी गाडी कुठे जाते ते मी बघायचो. ती कळव्याला जायची, दोन-दोन तास थांबायची आणि परत यायची. मी ताडलं, हा बाहेरची भाडी मारतोय. एकदा पाळतीवर राहायचं म्हणून नकाशा मोठा करून पाहिला तर गाडी रुग्णालयाच्या फाटकासमोर होती. बायको आजारी होती त्याची. आजार कुठला हे त्यानं मला सांगितलं नव्हतं, सांगायचं त्याला कारणही नव्हतं. पण कुठल्या वारी, किती वाजता, किती वेळ, हे जुळवलं की माणसाच्या घरात काय चाललंय ते न विचारता कळत जातं. मला ते कळलं आणि मी गप्प राहिलो. सुट्टीत टेम्पो नेल्याबद्दल बोललो नाही, याला मी तेव्हा मनाचा मोठेपणा समजत होतो.

दुसरा एक धक्का विक्रेत्याकडे बसला. एका ओळखीच्या टेम्पोवाल्याला घेऊन त्याच्याकडे गेलो होतो. विक्रेत्यानं नमुना दाखवायला ॲप उघडलं तर पडद्यावर माझीच गाडी, पलाव्यावरून निघालेली. ‘तुमचीच गाडी आहे ना शेठ, बघा कशी लाइव्ह चालतेय,’ तो कौतुकानं म्हणाला. म्हणजे माझे टेम्पो मी जितके बघत होतो तितकेच तोही बघू शकत होता, आणि त्याला ज्यानं ही सेवा विकली तोही. घरी येऊन पाहिलं, माझा पासवर्ड फिटरनं टाकून दिलेला तोच होता: १२३४५६. पुढे वाचनात आलं की हा आकडा या यंत्रांच्या दुनियेत बराच प्रसिद्ध आहे. अवास्ट या कंपनीच्या संशोधकांनी २०१९ मध्ये सांगितलं होतं की चीनमध्ये बनलेले जवळपास सहा लाख ट्रॅकर याच पासवर्डवर चालताहेत, आणि त्यात लहान मुलांच्या गळ्यात घालायचेही आहेत. २०२२ मध्ये मायकोडस नावाच्या कंपनीच्या गाडीत बसवायच्या ट्रॅकरबद्दल अमेरिकेच्या सरकारी सायबर सुरक्षा संस्थेला जाहीर इशारा द्यावा लागला. बाहेरचा माणूस त्यातून गाडीचं इंधन लांबून बंद करू शकेल अशी भीती होती. माझ्या यंत्रातही इंजिन बंद करायची सोय आहे. विक्रेत्यानं ती सगळ्यात आधी दाखवली होती आणि मला ती सगळ्यात जास्त आवडली होती.

हे सगळं धंद्याचं. आता घरचं सांगतो.

९ जून २०२५ ला सकाळी मुंब्र्याजवळच्या वळणावर दोन लोकल शेजारून जात असताना दारात लटकलेले प्रवासी रुळांवर पडले आणि त्यांतले काही दगावले. डोंबिवलीत त्या दिवशी ज्याच्या घरातलं कोणी ठाण्याकडे गेलं होतं त्यानं फोन लावला नाही असं झालं नसेल. माझी मुलगी रोज डोंबिवलीहून ठाण्याला नोकरीला जाते. तिचा फोन लागत नव्हता. लागला तेव्हा ती ऑफिसात पोचून कामाला बसली होती, तिला काही माहीतही नव्हतं. पण मधला तो वेळ माझ्या छातीत बसला तो बसलाच.

मी एअरटॅग, म्हणजे वस्तूला लावून तिचा ठावठिकाणा कळणारा छोटा टॅग, मागवला. तिच्या पाठीवरच्या बॅगेचं अस्तर तळाशी थोडं उसवलं होतं, त्यातून तो आत सरकवला आणि सुईदोऱ्यानं टाके घातले. तिला सांगितलं नाही. सांगितलं तर ती नको म्हणेल हे मला माहीत होतं, म्हणून सांगितलं नाही. ‘तिला उगाच टेन्शन नको’ हे कारण मी नंतर शोधलं.

या टॅगमध्ये जीपीएसही नसतं आणि सिमही नसतं. एक गोल सेल असतो, तो वर्षभर पुरतो. टॅग ब्लूटूथवर आपली खूण तेवढी प्रसारित करत राहतो. आजूबाजूनं जाणाऱ्या कोणाच्याही आयफोननं ती ऐकली की तो फोन स्वतःची जागा त्या खुणेसोबत कुलूपबंद करून टॅग बनवणाऱ्या कंपनीकडे पाठवतो. फोनवाल्याला पत्ता नसतो, कंपनीला ते कुलूप उघडता येत नाही, खूणही ठरावीक वेळानं बदलत राहते. किल्ली फक्त टॅगच्या मालकाच्या फोनमध्ये. मुरबाडकडे आमच्या गावी नेलेला टॅग तासन्‌तास मुका राहतो, कारण तिथे आयफोन येणार कुठून? पण संध्याकाळच्या कल्याण लोकलच्या लेडीज डब्यात तो फार बोलका होतो. कळवा, मुंब्रा, दिवा, कोपर... एकेक स्टेशन मला दिसायचं. माझ्या मुलीच्या बातम्या मला कोण देत होतं? तिच्या आजूबाजूला घाम पुसत उभ्या असलेल्या अनोळखी बायकांचे फोन. त्यांना कोणी विचारलं नव्हतं, तिलाही नाही. बनवणाऱ्यांनी फार डोकं चालवलंय. जगातल्या प्रत्येकापासून ती माहिती लपवली आहे, एकटा मालक सोडून. आणि घरात मालक मी.

पाळतीसाठी असे टॅग वापरले जातात हे लवकरच बाहेर आलं, म्हणून त्यावर तोड काढली गेली. मालकापासून आठ ते चोवीस तास दूर राहिलेला टॅग हलला की वाजतो. माझी मुलगी रोज रात्री घरी, म्हणजे माझ्या फोनजवळ येत होती, त्यामुळे तोवर तो वाजला नव्हता. पण तिचा फोन अँड्रॉइड आहे आणि २०२३ पासून अँड्रॉइडही अनोळखी टॅगची सूचना देतं, हे माझ्या गावीच नव्हतं.

एका संध्याकाळी तिचा ठाणे स्टेशनवरून फोन आला. आवाज बारीक झालेला. ‘पप्पा, फोनवर आलंय, एक अनोळखी टॅग माझ्याबरोबर फिरतोय म्हणून. नकाशात आपली बिल्डिंगपण दाखवतोय. कोणीतरी माझ्या मागावर आहे.’

त्या वेळी एक वाक्य पुरलं असतं. मी म्हणालो, ‘अगं, गर्दीत कोणाच्या तरी पर्समध्ये असेल. दुर्लक्ष कर.’

तिनं दुर्लक्ष केलं नाही, कोण करेल? त्या रात्री ती मैत्रिणीकडे नौपाड्यात राहिली. पुढचे काही दिवस तिनं लोकल बदलल्या. कधी ठाकुर्लीला उतरून रिक्षानं आली, कधी उलट कल्याणपर्यंत जाऊन परत फिरली. घरात आली की खिडकीतून खाली बघायची. हे मला सगळं ठाऊक होतं, कारण तिचा प्रत्येक वळसा माझ्या फोनवर उमटत होता. ज्याच्यापासून ती पळत होती तोच ते पळणं सोफ्यावर बसून बघत होता. आणि आज सांगूनच टाकतो, असं रोज संध्याकाळी ठरवून मी रोज रात्री गप्प झोपत होतो.

शेवटी तिनं आणि मैत्रिणीनं सूचनेतच दिलेला उपाय केला. टॅगला आवाज करायला लावला आणि बॅगेचा तळ वाजला. टाके उसवून टॅग काढला, फोनला टेकवला. असा टेकवला की एक पान उघडतं. त्यावर टॅगचा अनुक्रमांक असतो आणि ज्यानं तो नोंदवला त्याच्या मोबाइलचे शेवटचे चार आकडे. माझा नंबर तिला शिशुवर्गापासून पाठ आहे. कुठे हरवलीस तर सांगता यावा म्हणून मीच तो घोकून घेतला होता.

घरी आली, टॅग जेवणाच्या टेबलावर ठेवला. ‘कधीपासून?’ एवढंच विचारलं. मी खरी तारीख सांगायला तोंड उघडलं आणि एक महिना कमी करून सांगितली. बायकोनं माझ्याकडे असं पाहिलं की मला ती दुरुस्त करावी लागली. मग मुलीनं विचारलं, ‘आईच्या पर्समध्येपण आहे का?’ नव्हता. पण मागवताना ‘जोडीनं मिळत नाहीत का’ असं विचारलं होतं, हे मी सांगितलं नाही. इथे पहिल्यांदा सांगतोय.

नंतर मी वाचत गेलो, आपली बाजू कुठे सापडते का बघायला. २०२३ चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा उघडला तर त्यात सरळ लिहिलंय की एखाद्या व्यक्तीनं खासगी किंवा घरगुती कारणासाठी केलेल्या वापराला तो लागूच नाही. म्हणजे सुटलो. तेवढ्यात सर्वोच्च न्यायालयाचा ८ जुलै २०२४ चा निकाल समोर आला. अमली पदार्थांच्या गुन्ह्यातल्या एका परदेशी आरोपीला दिल्ली उच्च न्यायालयानं जामीन देताना अट घातली होती: गुगल मॅप्सवर पिन टाकून आपलं ठिकाण तपास अधिकाऱ्याला दिसेल असं ठेवायचं. गंमत म्हणजे त्या पिननं माणूस सतत दिसत राहतो ही समजूतच चुकीची निघाली, ते गुगलनं शपथपत्रावर सांगितलं. पण न्यायालय तेवढ्यावर थांबलं नाही. जामिनावरच्या आरोपीच्या हालचालींवर पोलिसांना सतत नजर ठेवता येईल अशी अट घालणं म्हणजे त्याच्या खासगी आयुष्यात डोकावणं, ते चालणार नाही, असं म्हणून अट काढून टाकली. खंडपीठात न्यायमूर्ती अभय ओक होते. आमच्या ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात १९८३ मध्ये वडिलांच्या चेंबरमधून वकिलीला सुरुवात केलेले. गंभीर गुन्ह्यातल्या आरोपीला जे मिळालं ते माझ्या घरात मिळत नव्हतं, आणि माझ्या टेम्पोतही.

टॅग आता गोदामाच्या किल्ल्यांना आहे. मुलीला रात्री उशीर झाला तर ती आपणहून व्हॉट्सॲपवर लाइव्ह लोकेशन पाठवते, तासाभराचं, डोंबिवलीला उतरली की बंद करते. कधी पाठवत नाही. तेव्हा मी फोन हातात घेऊन येरझारा घालतो आणि बायको मला टीव्हीचा आवाज वाढवून दाखवते.

ड्रायव्हरांना मी ॲपचं लॉगिन दिलं. मला दिसतं ते त्यांनाही दिसतं. पासवर्ड बदलला. जुन्या ड्रायव्हरला कापलेला भत्ता द्यायला गेलो, बाकीच्या दोघांसमोरच. त्यानं पैसे घेतले, मोजले नाहीत. म्हणाला, ‘शेठ, रात्री आणि सुट्टीला ते बंद होतं का, ते सांगा.’

होत नाही. बॅटरीला थेट जोडलेलं आहे, शिवाय आत स्वतःची छोटी बॅटरी आहे. विक्रेत्याला फोन करून विचारलं, मागची नोंद तरी पुसता येईल का, आणि सर्व्हर आहे कुठे? तो हसला. ‘एवढी वर्षं धंदा करतोय, हे विचारणारे तुम्ही पहिले,’ म्हणाला आणि वर विचारून सांगतो म्हणून फोन ठेवला. अजून सांगितलेलं नाही. मार्चमध्ये तिन्ही गाड्यांचं रिचार्ज संपतंय. कारखान्याच्या आवारात उभ्या राहणाऱ्या दोघींचं करणार आहे. दिव्याला चाळीसमोर उभ्या राहणाऱ्या तिसरीचं करू नये असं मनात आहे, पण चोरीला गेली तर हप्ते मलाच भरायचेत, आणि दिव्यातून टेम्पो उचलला तर तो कसारा घाटाला लागायला वेळ लागत नाही. ड्रायव्हरला मी सांगितलंय, मार्चपर्यंत ठरवतो.