नक्कल कोणाची?

बर्लिनचे आलिशान हॉटेल आणि तिथे उतरलेल्या माणसांची सुखदुःखे, एवढ्यावर १९३२ साली ‘ग्रँड हॉटेल’ हा हॉलिवूडपट निघाला. ग्रेटा गार्बो, जोन क्रॉफर्ड, वॉलेस बिअरी आणि जॉन व लायनेल हे बॅरीमोर बंधू, असे पाच बडे कलाकार एकाच छपराखाली! सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्करही मिळाले. पुढच्याच वर्षी वॉर्नर ब्रदर्सच्या व्हायटाफोनने त्याची फिरकी घेणारा छोटा विनोदी चित्रपट काढला, ‘नथिंग एव्हर हॅपन्स’. नाव मूळ चित्रपटातल्या डॉक्टरच्या तोंडून उचललेले. माणसे येतात, जातात, इथे घडत काहीच नाही, असे तो म्हणतो. आणि तिथे तर खून पडलेला असतो.

आम्ही घरच्यांनी दोन्ही पाहिले, मूळ आधी. ते न पाहता फिरकीत गंमत नाही. (नाचगाणी आम्ही पुढे सरकवली.) गार्बोच्या रुबाबाची नक्कल पाहून अम्मीसुद्धा पदर तोंडाला लावून हसल्या.

मग मुलांच्या अंगात आले. धाकट्याने मूळ चित्रपटातला क्रिंगेलाइन उचलला. हा कारखान्यात हिशेब लिहिणारा कारकून. दिवस भरत आलेत असे कळल्यावर साठवलेली पुंजी घेऊन चार दिवस थाटात राहायला आलेला. धाकट्याने त्याचे अडखळणे असे उतरवले की हशा पिकला. फक्त दादा हसले नाहीत. त्यांनी पस्तीस वर्षे पेढीवर दुसऱ्याच्या पैशाचे हिशेब लिहिले.

“त्या बाईची खुशाल करा,” ते म्हणाले, “तिचं काय जातं? हा तर मरायला टेकलाय, बेटा.”

एकमेकांची टिंगल करू नका, ही सूरह हुजुरातमधली ताकीद मकतबात आम्ही सगळेच शिकलो. पण मोठी नातही ऐकणारी नव्हे. “मग तुम्ही शेठजींची नक्कल करता ती?”

“शेठजींसमोरच केली होती. हसले होते ते.”

आम्हाला हा फरक पटला. बड्याचा तोरा उतरवणे वेगळे, पडलेल्याला आणखी चेपणे वेगळे. धाकटा मात्र गाल फुगवून बसला.

दादांनी मग क्रिंगेलाइन आपल्या मालकाला तोंडावर सुनावतो, तो प्रसंग परत लावायला सांगितला. धाकट्याला शेजारी बसवून त्यांनी अर्थ सांगायचे काम त्याच्याकडेच दिले. दोनदा पाहिला.