हरवलेली बेरीज

पांच तत्त्वज्ञ एका वाटोळ्या मेजाभोंवतीं जेवायला बसतात आणि ताटांत अन्न असूनहि उपाशी मरतात, ही गोष्ट आमच्या संगणक-विभागांतल्या एका तरुण अध्यापकांनीं मला शिक्षकांच्या खोलींत सांगितली, तेव्हां मला प्रथम थोडा रागच आला. अठ्ठावीस वर्षें मी तर्कशास्त्र आणि तत्त्वज्ञान शिकवीत आलों आहें. तत्त्वज्ञांची थट्टा ऐकण्याची मला संवय आहे. पण ती बहुधा ज्यांना तत्त्वज्ञान येत नाहीं अशांनीं केलेली असते. ही थट्टा मात्र तर्कशुद्ध होती. पांच ताटें, आणि दोन ताटांच्या मध्यें एक याप्रमाणें पांचच कांटे. जेवावयास प्रत्येकाला दोन कांटे लागतात. प्रत्येकानें सभ्यपणें आपल्या डावीकडचा कांटा उचलला, कीं उजवीकडचा कांटा शेजाऱ्याच्या हातांत गेलेला असतो; आणि हातचा खालीं ठेवावयाचा नाहीं असा नियम असल्यामुळें सारे जण शेवटपर्यंत एकमेकांकडे पाहत बसतात. नियम कोणीहि मोडलेला नसतो! एड्स्गर डायक्स्ट्रा या डच शास्त्रज्ञानें १९६५ सालीं हें कोडें विद्यार्थ्यांच्या परीक्षेसाठीं घातलें, तेव्हां त्यांत तत्त्वज्ञ नव्हते, टेपयंत्रांसाठीं अडून बसलेले संगणक होते. टोनी होअर या इंग्रज पंडितानें पुढें त्याला जेवणावळीचें रूप दिलें.

"सर, तुम्ही एकदां हें स्वतः लिहून पाहा," ते म्हणाले. "तुमच्यासारख्या तर्कशास्त्र्याला हें सहज जमेल."

या खुशामतीला मी बळी पडलों आणि गेल्या उन्हाळ्याची सुटी मीं युनिक्सच्या अंतरंगांत घालविली. घरच्या मंडळींनीं प्रथम कौतुक केलें, मग काळजी केली. युनिक्सचा जन्म १९६९ सालीं अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेंत केन टॉम्प्सन आणि डेनिस रिची यांच्या हातून झाला. पुढें त्याला इतक्या शाखा फुटल्या, कीं एका शाखेसाठीं लिहिलेला प्रोग्रॅम दुसरींत चालेना. आपल्या जुन्या पोथ्यांचें असेंच होई. नकलणारा प्रत्येक जण आपला एक पाठभेद मागें ठेवून जाई, आणि मग कोणा एकनाथांना बसून ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध करावी लागे. येथें तें काम विद्युत् व इलेक्ट्रॉनिक अभियंत्यांच्या एका मोठ्या संस्थेनें केलें. १९८८ सालीं प्रथम सिद्ध झालेल्या या प्रमाणग्रंथाला पॉझिक्स म्हणतात. तें नांव रिचर्ड स्टॉलमन यांनीं सुचविलें. मात्र एक फरक आहे. पॉझिक्स स्वतः पोथी देत नाहीं. पोथी वाचली असतां श्रोत्याला काय ऐकूं आलें पाहिजे, एवढेंच तें सांगतें. आंतली रचना ज्यानें त्यानें आपापली करावी.

या सृष्टींत चालू असलेल्या प्रत्येक प्रोग्रॅमला प्रोसेस म्हणतात, आणि तिची वंशावळ मोठी मौजेची आहे. एक प्रोसेस दुसरीला जन्म देते तेव्हां मुलाला आईच्या सर्व चीजवस्तूंची हुबेहूब नक्कल मिळते. आई आधीं गेली, तर पोरक्या मुलाला बहुतेक ठिकाणीं पहिल्या क्रमांकाची प्रोसेस दत्तक घेते. मूल आधीं गेलें, आणि आईनें त्याची विचारपूस केली नाहीं, तर त्याचें नांव यादींत पिशाच्चासारखें लटकत राहतें. या प्रोसेसा म्हणजे विभक्त झालेले भाऊ. प्रत्येकाची चूल निराळी. थ्रेड म्हणजे मात्र एकत्र कुटुंब होय. एकाच प्रोसेसमध्यें अनेक थ्रेड नांदतात; प्रत्येकाची पथारी तेवढी वेगळी, पण कोठी एकच. पॉझिक्समध्यें या कुटुंबाचे नियम १९९५ सालीं दाखल झाले. एकत्र कुटुंबांत वाढलेल्या वाचकांना पुढचें संकट सांगावयास नकोच.

माझा पहिला प्रयोग अगदीं बाळबोध होता. कोठींत एक आंकडा ठेवावयाचा, आरंभीं शून्य. दोन थ्रेड सुरू करावयाचे, आणि प्रत्येकानें त्या आंकड्यांत हजार वेळां एक मिळवावयाचा. उत्तर दोन हजार यावें, तें आलें. पुन्हां चालविला, पुन्हां दोन हजार. मीं वीस वेळां चालविला आणि अभिमानानें माझ्या तरुण गुरुजींना बोलावलें. त्यांनीं प्रोग्रॅम वाचला, कांहीं न बोलतां हजाराच्या जागीं एक लाख लिहिलें आणि तो चालविला. उत्तर दोन लाख यावयास हवें होतें; तें एक लाख सदतीस हजारांच्या आसपास आलें. दुसऱ्यांदां आणखी निराळें. तिसऱ्यांदां त्याहून निराळें. हजारांच्या वेळीं पहिला थ्रेड इतक्या लौकर आपलें काम उरकीत होता, कीं दुसरा येईपर्यंत कोठी मोकळी होत असे. माझा प्रोग्रॅम पहिल्यापासूनच चुकलेला होता. वीस वेळां तो केवळ पकडला गेला नव्हता. चूक कोठें होते तें दिसावें म्हणून मीं प्रत्येक बेरीज पडद्यावर लिहावयास सांगितली, तर चुका एकदम विरळ झाल्या! पाहणाऱ्याच्या चाहुलीनें चाल बदलणारी ही चूक मला तर्कशास्त्राच्या कोणत्याहि ग्रंथांत भेटली नव्हती.

कारण सांगितल्यावर सोपें आहे. एक मिळविणें ही आपल्याला एक कृति वाटते. यंत्राला त्या तीन असतात: आंकडा उचलणें, त्यांत एक मिळविणें, आंकडा परत ठेवणें. पहिल्यानें ४१ उचलले. तो मिळवीत असतांना दुसऱ्यानेंहि ४१ च उचलले. पहिल्यानें ४२ ठेवले. दुसऱ्यानेंहि त्यावर ४२ च ठेवले. कष्ट दोघांचे, जमा एकाची. आणि कोठींत जाऊन पाहिलें तर ४२ हा आंकडा अगदीं निर्मळ चेहऱ्यानें बसलेला. एक बेरीज हरवली आहे याची कसलीहि खूण त्याच्यावर नाहीं.

त्या रात्रीं मला झोंप लागली नाहीं.

२०११ सालीं मी ज्या महाविद्यालयांत होतों, तेथें अंतर्गत गुणांचा तक्ता आम्ही संगणकावर ठेवावयास नुकताच आरंभ केला होता. आजारपणामुळें एका विद्यार्थ्याची चांचणी बुडाली होती. निकाल लागला तेव्हां त्याच्या नांवापुढें 'अनुपस्थित' असें होतें. तो मजकडे आला आणि म्हणाला, "सर, माझी फेरपरीक्षा झाली आहे. मीं पेपर लिहिला आहे." मीं त्याच्यापुढें तक्ता उघडला आणि म्हटलें, "हें पहा. तक्ता खोटें बोलत नाहीं." त्याचें वर्ष गेलें. ज्या सहकाऱ्यांनीं ती फेरपरीक्षा घ्यावयाची होती, ते त्याच महिन्यांत सेवानिवृत्त होऊन गांवीं गेले होते. त्यांना एक दूरध्वनि करावा, उत्तरपत्रिकांचा गठ्ठा सोडून पाहावा, असें मला सुचलें नाहीं. कारण विचारण्यासारखें कांहीं आहे असें मला वाटलेंच नाहीं.

आतां अंधारांत पडल्या पडल्या मला स्पष्ट आठवलें, कीं त्या आठवड्यांत तो तक्ता आम्हीं दोघांनींहि आपापल्या घरीं नेला होता. मीं उपस्थितीचे गुण भरून माझी प्रत दुसऱ्या दिवशीं दुपारीं परत ठेवली होती. त्यांनीं आपली सकाळींच ठेवली होती.

डॉक्टरी उपचारांसाठीं केलेल्या थेरॅक-२५ या किरणयंत्राची हकीकत मीं या सुटींतच वाचली. १९८५ ते १९८७ या काळांत अमेरिकेंत व कॅनडांत त्यानें सहा रुग्णांवर किरणांचा भयंकर मारा केला. कांहीं त्यानें दगावले. टेक्ससमधील अपघातांच्या मुळाशीं अशीच शर्यत होती. यंत्र आपली चुंबकें जुळवावयास सुमारें आठ सेकंद घेई, आणि सरावानें हात वळलेल्या चालकानें तेवढ्या अवधींत लिहिलेलें दुरुस्त केलें, तर ती दुरुस्ती यंत्राच्या ध्यानांतच येत नसे. सावकाश टाइप करणाऱ्याला ही चूक कधीं भेटलीच नसती. आरंभीं तक्रार आली तेव्हां कर्त्यांनीं उत्तर दिलें, कीं या यंत्राकडून असें होणें शक्यच नाहीं. तें वाक्य मीं दोनदां वाचलें. आवाज माझाच वाटला.

उपाय आहे, आणि तो चार ओळींचा आहे. कोठीच्या दाराशीं म्यूटेक्स नांवाचें एक कुलूप ठेवावयाचें. ज्याच्याकडे तें आहे त्यानेंच आंत जावें, काम होतांच सोडावें. मीं तें घातलें आणि उत्तर दोन लाखांवर स्थिर झालें. प्रोग्रॅम मात्र मंदावला. पण या कुलपाचें एक वैशिष्ट्य मला बरेच दिवस टोंचत राहिलें. तें दाराला लावलेलें नसतेंच. ज्यानें विचारलें त्यालाच तें थांबवितें. न विचारतां आंत जाणाऱ्याला त्याची अडकाठी नाहीं. पॉझिक्स येथें स्वच्छ हात झटकतें: एक जण आंकडा बदलीत असतांना दुसऱ्यानें त्याला शिवूं नये, हें पाहणें प्रोग्रॅम लिहिणाराचें काम. तत्त्वज्ञांच्या पंक्तीचाहि निकाल असाच लागतो. कांट्यांना क्रमांक द्यावे आणि प्रत्येकानें आपल्या दोहोंपैकीं लहान क्रमांकाचा कांटा आधीं उचलावा, म्हणजे पंगत अडून राहत नाहीं. पण तें प्रत्येकानें पाळलें तर.

त्या विद्यार्थ्याचा पत्ता मिळावयास दीड महिना गेला. मीं त्याला जें घडलें असावें तें लिहिलें. सिद्ध करतां येत नाहीं, हेंहि लिहिलें. जुना संगणक केव्हांच मोडींत गेला आहे, गठ्ठा रद्दींत. त्याचें उत्तर चार ओळींचें आलें. तो पुण्याजवळ एका कारखान्यांत हिशेब पाहतो. त्यानें मला दोष दिलेला नाहीं. शेवटीं एवढेंच आहे, कीं त्या दिवशीं वीज गेली होती, म्हणून सरांनीं त्याला बाक घेऊन व्हरांड्यांत बसविलें होतें, आणि पावसाचे शिंतोडे येऊन त्याचें दुसरें पान भिजलें होतें.

मीं त्या निवृत्त सहकाऱ्यांना दूरध्वनि केला. चौदा वर्षें उशिरां. वय झालें आहे; बराच वेळ त्यांना माझीच ओळख पटेना. विद्यार्थ्याचें नांव त्यांना कांहीं केल्या आठवलें नाहीं. मग मीं विजेची गोष्ट काढली, तेव्हां ते क्षणभर थांबले आणि म्हणाले, "हो, व्हरांड्यांत बसविला होता खरा एक मुलगा. त्याचा पेपर मीं स्वयंपाकघरांत दोरीवर वाळत घातला होता."