राखेनंतरची पटकथा

कपिलधारच्या डोंगरांत वाढलेल्या माझ्या मनात शिवकाळ प्रथम बखरींतून नव्हे, पडद्यावरून उतरला. आणि त्या पडद्यामागे होते भालजी पेंढारकर. लेखणी आणि दिग्दर्शन या दोहोंवर त्यांची हुकमत होती. ‘नेताजी पालकर’ (१९३९), ‘थोरातांची कमळा’ (१९४१), ‘बहिर्जी नाईक’ (१९४३) हे त्यांचेच चित्रपट. १९४८ मध्ये, गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत, कोल्हापुरातील त्यांचा जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला. तरीही १९५२ मध्ये त्यांनी ‘छत्रपती शिवाजी’ पडद्यावर आणला. १९९१ च्या फाळके पुरस्काराहून मला हा पुनरारंभ थोर वाटतो. मात्र हे ऋण मान्य करूनही एक प्रश्न आपण स्वतःला विचारलाच पाहिजे : आपल्या मनातील शिवकाळात इतिहास किती आणि पटकथा किती?