छातीतल्या आवाजाचे नाव

आपल्यापैकी प्रत्येकाच्या छातीवर डॉक्टरांनी केव्हा ना केव्हा नळी ठेवली आहे. ‘श्वास घ्या, सोडा, पुन्हा घ्या’ असे म्हणत ते क्षणभर ऐकतात, मान हलवितात आणि केसपेपरवर ‘क्रेप्ट्स’, ‘रॉन्काय’ असे काहीतरी लिहून औषधाची चिठ्ठी हातात देतात. छाती आपली, आवाज आपल्या छातीतला, पण त्याचे नाव काय ते आपल्याला ठाऊक नसते. या नावांची हकिकत वाचक बंधू-भगिनींना सांगावी, असे आमच्या मनात फार दिवसांपासून होते.

आम्ही दोघी बहिणी. थोरली मुंबईच्या एका सार्वजनिक रुग्णालयात तीस वर्षांहून अधिक काळ परिचारिका होती, त्यातली बरीच वर्षे छातीच्या वॉर्डात. धाकटी शाळेत मराठी शिकवीत असे. आता दोघीही निवृत्त आहोत. आमचे वडील, आप्पा, गिरणीत त्रासन खात्यात होते आणि आजोबाही त्याच खात्यात. साचे खात्यात पगार जास्त मिळे, पण तिथे आपल्या माणसांना मज्जाव होता. धोट्यात नवी बाबीण भरली की सुताचे टोक तोंडाने ओढून घ्यावे लागे, आणि आपल्या तोंडचे सूत इतरांना चालत नसे. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न पुढाऱ्यांपुढे मांडला, हे वाचकांना ठाऊक आहेच. तोंडाचा विटाळ मानणाऱ्या त्या गिरणीत कापसाची धूळ मात्र छातीत शिरताना जात विचारीत नव्हती. सुटीनंतर कामावर गेले की पहिल्याच दिवशी आप्पांची छाती आवळल्यासारखी होई. कापूसगिरण्यांतल्या या आजाराला वैद्यकशास्त्रात बिसिनोसिस म्हणतात. आमच्या चाळीत त्याला नाव नव्हते. ‘सुटीचा आळस’ असे मुकादम म्हणे.

गिरण्यांचा संप होऊन गेला, आप्पा घरीच बसले, पण खोकला गेला नाही. १९८४ साली आम्ही त्यांना एका मोठ्या दवाखान्यात नेले. तरुण डॉक्टरांनी पाठीवर नळी लावून बराच वेळ ऐकले, भोवतालच्या विद्यार्थ्यांनाही ऐकविले. सगळे इंग्रजीत बोलले. आप्पांनी विचारले, ‘साहेब, काय ऐकू आलं?’ ‘काही नाही बाबा, गोळ्या घ्या,’ असे उत्तर मिळाले. केसपेपरवर लिहिले होते, दोन्ही बाजूंना खाली क्रेप्ट्स. थोरलीला तो शब्द कळत होता. बाहेर आल्यावर आप्पा तिला म्हणाले, ‘तू तर नर्स आहेस, तू सांग.’ ती म्हणाली, ‘कफ आहे आप्पा.’ तेव्हा ते म्हणाले, ‘कफ मलाही कळतो गं. त्याला ऐकू काय आलं, ते मी विचारतोय.’

त्या प्रश्नाला मराठीत उत्तर नव्हते.

पुढे धाकटीने वाचनालयातून पुस्तके आणून या शब्दांचा माग काढला, तेव्हा मोठी गंमत कळली. छातीला नळी लावून ऐकण्याची विद्या रेने लाएनेक या फ्रेंच डॉक्टरांची. १८१६ साली पॅरिसच्या नेकर रुग्णालयात एका तरुण, स्थूल बाईच्या छातीला कान लावून ऐकणे त्यांना प्रशस्त वाटेना, म्हणून त्यांनी कागदाची सुरळी केली आणि तिचे एक टोक छातीवर व दुसरे स्वतःच्या कानाला लावले. आवाज नुसत्या कानापेक्षाही स्वच्छ आला. मग त्यांनी लाकडाची नळी करून घेतली, रोग्यांचे आवाज ऐकले, ते मेल्यावर शवविच्छेदन करून फुप्फुसात काय बिघडले होते ते ताडून पाहिले, आणि १८१९ साली ग्रंथ लिहिला. आवाज साठवून ठेवण्याचे साधन तेव्हा नव्हते. म्हणून त्यांनी उपमा दिल्या, आणि त्या कशा, तर स्वयंपाकघरातल्या आणि रानातल्या. एक आवाज तापल्या भांड्यात मीठ तडतडते तसा, दुसरा रानकबुतर घुमते तसा.

या सगळ्या जादा आवाजांना लाएनेक यांनी ‘राल’ हा फ्रेंच शब्द वापरला. पण फ्रान्समधली साधी माणसे मरताना घशात जी घरघर लागते तिलाच राल म्हणत. खाटेवरच्या रोग्याने तो शब्द ऐकला, तर आपले आता भरले असेच त्याला वाटायचे. म्हणून लाएनेक रोग्यापुढे त्याच अर्थाचा ‘रॉन्कस’ हा लॅटिन शब्द वापरू लागले. शब्द दोन, अर्थ एकच. १८२१ साली जॉन फोर्ब्स यांनी ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर केले, आणि पुढच्या डॉक्टरांनी हळूहळू एक शब्द तुटक आवाजाला व दुसरा सलग आवाजाला लावून टाकला. रोगी घाबरू नये म्हणून घेतलेला शब्द वेगळ्याच अर्थाने दीडशे-दोनशे वर्षे जगभर चालला. आपल्या केसपेपरवरचे रॉन्काय म्हणजे त्याच रॉन्कसचे अनेकवचन. लाएनेक स्वतः १८२६ साली क्षयाने वारले, वयाच्या ४५ व्या वर्षी. त्यांच्या छातीला त्यांचीच नळी लावून पुतण्याने ऐकले होते.

हे वाचून थोरलीला तिच्या वॉर्डातली एक गोष्ट आठवली. दम्याने बेजार झालेल्या एका मुलाच्या आईला नव्या इंटर्नने मराठीत सांगण्याचा प्रयत्न केला, ‘छातीत घरघर आहे.’ बाईने तिथेच हंबरडा फोडला. तिच्या गावी घरघर लागली म्हणजे माणूस चालला. मुलाला चांगली हुशारी होती, दोन दिवसांत तो घरी गेला. त्या इंटर्नला आम्ही दोष देत नाही, त्याने निदान सांगितले तरी. पण पॅरिसच्या रालची आणि आपल्या घरघरीची अडचण एकच.

आता मुद्दा असा की नुसत्या कानाने ऐकून नाव दिले तर दोन डॉक्टरांचे जमतेच असे नाही. एक म्हणतो क्रेप्ट्स, दुसरा म्हणतो काही नाही. आवाज हवेत विरून जातो, वाद कोणी मिटवायचा? तो मिटू लागला आवाज टेपवर घेता येऊ लागल्यापासून. लंडनचे डॉ. पॉल फोरगाच यांनी १९६०-७० च्या दशकांत या आवाजांची कारणे शोधली. श्वास घेताना मिटलेल्या बारीक नळ्या एकदम उघडतात, तेव्हा तडतड होते. शिट्टीसारखा आवाज येतो तो नळी अरुंद होऊन तिच्या भिंती जवळजवळ चिकटतात आणि थरथरतात म्हणून. जत्रेतल्या पिपाणीची पाती थरथरते तसा. १९७७ साली अमेरिकेतले डॉ. रेमंड मर्फी यांनी टेपवरच्या आवाजाचा आलेख वेळेत ताणून कागदावर काढला. एरवी एकमेकांत दाटलेल्या रेघा सुट्या झाल्या आणि आवाज डोळ्यांना दिसू लागला.

तेव्हापासून शब्दाला माप मिळाले. एका सेकंदाचे हजार भाग करा. तडतडीचा एक ठिपका वीस भागांच्याही आत संपतो, त्यातही बारीक तडतड साधारण पाच भागांची आणि जाड पंधराच्या आसपास. शिट्टी मात्र सलग, निदान ऐंशी ते शंभर भाग टिकणारी. सलग पण खर्जातला, सेकंदाला दोनशे कंपनांच्या खालचा आवाज, त्याला आता रॉन्कस म्हणावे असे ठरले. १९८५ साली टोकियोच्या परिषदेत इंग्रजी, फ्रेंच, जर्मन, जपानी वगैरे भाषांतले शब्द शेजारी शेजारी मांडले गेले, आणि २०१६ साली युरोपातल्या छातीतज्ज्ञांच्या संस्थेने पुन्हा हेच काम आणखी भाषा घेऊन केले. त्या तक्त्यांत मराठी कोठून असणार!

म्हणून आम्ही दोघींनी एक वही केली. खरे तर तिची सुरुवात आप्पांनीच केली. दवाखान्यातून आल्यावर काही दिवसांनी थोरलीने आपली नळी त्यांच्या कानांत घातली आणि दुसरे टोक त्यांच्याच पाठीवर खाली, फासळ्यांपाशी धरले. ‘श्वास घ्या.’ आप्पा ऐकत राहिले. मग म्हणाले, ‘चुलीत ओलं लाकूड घातलं की चिरचिरतं, तसं वाटतंय.’ घाबरले नाहीत, उलट त्यांना पुन्हा ऐकायचे होते. खोकून पाहिले, तरी आवाज तसाच. खोकल्याने कफ हलला तर जाड आवाज पुष्कळदा बदलतो, हा बारीक बदलत नाही, हे थोरलीने तेव्हा त्यांना समजावून सांगितले. पुढच्या खेपेला आप्पांनी डॉक्टरांना स्वतःहून सांगितले, ‘पाठीत खाली चिरचिर आहे, खोकून जात नाही, वाढलीय का बघा.’ डॉक्टरांनी या वेळी त्यांच्याशी बोलत तपासले. १९८७ साली आप्पा गेले. औषधाने फार काही साधले नाही, पण शेवटची तीन वर्षे त्यांनी आपल्या छातीची खबर आपल्या तोंडाने दिली.

त्यानंतर थोरली वॉर्डात, सवड मिळेल तेव्हा, रोग्यांना ऐकवी आणि ‘कसं वाटलं?’ म्हणून विचारी. रात्रपाळी संपवून आली की धाकटी ते शब्द उतरवून घेई. मांजर गुरगुरतं. पिपाणी वाजते. हुक्का बुडबुडतो. मोहरी तडतडते. चपला शिवणारे एक वृद्ध गृहस्थ होते, त्यांच्या फुप्फुसाच्या वेष्टनाला सूज होती. ते म्हणाले, ‘नवी वहाण करकरते ना, तसं.’ या आवाजाला वैद्यकाच्या पुस्तकांतही नव्या चामड्याचीच उपमा आहे, हे त्या गृहस्थांना कोणी सांगितले असणार? ज्याने आयुष्यभर चामडे हाताळले त्याच्याइतका पारखी कान कोणत्या कॉलेजात तयार होतो, असे आम्हाला तेव्हाही वाटले आणि आजही वाटते.

वहीतून आम्ही घरच्यापुरते ठरवून टाकले आहे. बारीक तुटक आवाजाला चिरचिर, जाड ओल्या आवाजाला बुडबुड, सलग बारीक आवाजाला शिट्टी, खर्जातल्याला गुरगुर. आणि घरघर हा शब्द रोग्याच्या खाटेजवळ काढायचा नाही.

आता संगणक हे काम करू लागले आहेत. नळीतच ध्वनिग्राहक बसविलेला असतो, आवाज साठवितो, आलेख काढतो, हा अमुक आवाज असे सांगतोही. पण यंत्र शिकते ते जे ऐकविले त्यावरून. २०१७ साली संशोधकांसाठी जो मोठा संग्रह खुला झाला, त्यात १२६ रोग्यांची ९२० ध्वनिमुद्रणे आहेत, ६,८९८ श्वास, पैकी १,८६४ श्वासांत नुसती तडतड, ८८६ मध्ये नुसती शिट्टी, ५०६ मध्ये दोन्ही. हे ध्वनिमुद्रण पोर्तुगाल आणि ग्रीसच्या पथकांनी केले. काम चांगलेच आहे. पण दगडखाणीतल्या, गटारात उतरणाऱ्या आणि गिरणीत खपलेल्या आपल्या माणसांच्या छात्या त्यात नाहीत, आणि त्या कधीतरी असाव्यात असे आम्ही म्हणतो. आमच्या भाच्याच्या मोबाईलवर असले आवाज ऐकण्याचा कार्यक्रम आहे. त्याने आम्हाला बारीक तडतड लावून दाखविली. धाकटी लगेच म्हणाली, ‘ओलं लाकूड.’

लहान मुलांच्या आयांसाठी एक गोष्ट सांगून ठेवतो. नळी नसली तरी श्वास मोजता येतो. मूल शांत असताना पूर्ण मिनिटभर पोट-छातीची हालचाल मोजा. दोन महिन्यांच्या आतल्या बाळाला साठ किंवा अधिक, दोन महिने ते एक वर्षापर्यंत पन्नास किंवा अधिक, एक ते पाच वर्षांपर्यंत चाळीस किंवा अधिक श्वास भरले तर आवाजाची वाट न पाहता दवाखाना गाठावा.

वहीत एक जागा अजून रिकामी आहे. श्वास आत घेताना गळ्याशीच कर्कश ओढल्यासारखा आवाज येतो, डॉक्टर त्याला स्ट्रायडॉर म्हणतात, तो ऐकू आला की थांबायचे नसते. त्यासाठी आम्हाला मनाजोगता मराठी शब्द सापडलेला नाही. तुमच्या गावी, तुमच्या आजीच्या तोंडी असा शब्द असेल, तर या पानाच्या पत्त्यावर जरूर कळवावा.