पाहुणा कोण?

अमेरिकेतला 'व्हॉट्स माय लाइन?' हा टीव्हीवरचा जुना कार्यक्रम. डोळ्यांवर पट्ट्या बांधलेली मंडळी पाहुणा ओळखण्यासाठी प्रश्न विचारणार, पाहुणा 'हो' किंवा 'नाही' म्हणणार. जानेवारी १९५७मध्ये पाहुणा होता चित्रकार साल्वादोर दाली. लेखक आहात? हो. खेळांशी संबंध? हो. जवळजवळ सगळ्यालाच हो! सूत्रसंचालक बिचारा खुलासे करून दमला.

*

चित्रकार अँडी वॉरहॉलची तऱ्हा उलटी. १९६५मध्ये मर्व्ह ग्रिफिनच्या कार्यक्रमात तो त्याच्या सिनेमांतली नटी एडी सेजविक हिच्या कानात पुटपुटायचा आणि उत्तर ती सांगायची.

*

परफॉर्मन्स कलाकार ख्रिस बर्डन. ९ फेब्रुवारी १९७२, कॅलिफोर्नियातली एक स्थानिक केबल वाहिनी. मुलाखतीसाठी त्याची अट : प्रक्षेपण थेट हवं. आला तो स्वतःचे कॅमेरावाले घेऊन. मग मुलाखत घेणाऱ्या बाईंच्या गळ्याला सुरी लावली. प्रक्षेपण थांबवलंत तर हिला मारीन, म्हणाला. वर वाहिनीची टेपही मागून घेऊन नष्ट केली. जाणकार याला माध्यमावरचा कब्जा वगैरे म्हणतात. असेल. पण गळा दुसऱ्याचा होता. मला ही दादागिरी वाटते.

त्याच्या जाहिराती मात्र जरूर पाहाव्यात. वाहिनीच्या बोलावण्याची वाट कशाला बघायची? साबणवाले घेतात तसा सरळ वेळ विकत घ्यायचा. १९७३मध्ये लॉस एंजेलिसला रात्री उशिरा, इतर जाहिरातींच्या मधेच, हात पाठीशी धरून फुटक्या काचांवरून सरपटणारा माणूस दहा सेकंद दिसे. १९७६ची जाहिरात याहून खोडकर. एकेक नाव येतं : लिओनार्दो दा विंची, मायकेलअँजेलो, रेम्ब्राँ, व्हॅन गॉख, पिकासो... आणि ख्रिस बर्डन. पहिली पाच पाहणीतून निवडलेली, लोकांना सर्वांत ठाऊक असलेली. सहाव्याची पात्रता एवढीच की पैसे त्यानं भरले होते.

*

विनोदवीर अँडी कॉफमननं 'टॅक्सी' या टीव्ही मालिकेच्या करारात अट घातली : टोनी क्लिफ्टन नावाच्या गायकालाही काम द्या. क्लिफ्टन म्हणजे विग-मिशा लावलेला तो स्वतःच. या क्लिफ्टननं सेटवर असा धिंगाणा घातला की त्याला हाकलून दिलं. कॉफमनची नोकरी शाबूत! १९८२मध्ये डेव्हिड लेटरमनच्या मुलाखतींच्या कार्यक्रमात पैलवान जेरी लॉलरनं कॉफमनच्या थोबाडीत मारली. ते भांडण ठरवून केलेलं होतं हे उघड व्हायला दहाएक वर्षं गेली.

कॉफमन १९८४मध्ये वारला. पुढच्याच वर्षी क्लिफ्टनचा कार्यक्रम झाला.