नटाचे वाचन

कादंबरीवर किंवा कथेवर चित्रपट निघाला की आम्ही साहित्य शिकवणारी मंडळी लेखक आणि दिग्दर्शक या दोघांचीच चर्चा करतो. मूळ कृतीतले काय गळले, काय वाढले, याचा हिशेब मांडतो. नटाच्या वाट्याला अखेरीस 'भूमिका चांगली वठवली' एवढे एक वाक्य येते. इग्नासिओ लोपेस तार्सो या मेक्सिकन नटाची कारकीर्द पाहताना हा रिवाज मला फार अपुरा वाटतो.

१९२५ साली मेक्सिको सिटीत जन्मलेल्या लोपेस तार्सो यांचे तारुण्य ओढगस्तीत गेले. मजुरीसाठी ते कॅलिफोर्नियात गेले. तिथे संत्री तोडताना झाडावरून पडून मणक्याला इजा झाली आणि दीर्घ काळ अंथरुणात काढावा लागला. पुढे नाट्यशिक्षण घेताना कवी व नाटककार हाविएर व्हियाउरुतिया त्यांना गुरू म्हणून लाभले. नटाची घडण एका कवीच्या हाताखाली व्हावी, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते.

त्यांच्या भूमिकांची यादी एखाद्या अभ्यासक्रमासारखी आहे. गाल्दोसच्या कादंबरीवरचा बुन्युएलचा 'नाझारिन' (१९५९), हुआन रुल्फोच्या कथेवरचा 'एल गायो दे ओरो' (१९६४), रुल्फोच्याच कादंबरीवरचा 'पेद्रो पारामो' (१९६७), माल्कम लाउरीच्या कादंबरीवरचा जॉन ह्यूस्टनचा 'अंडर द व्होल्कॅनो' (१९८४). या सर्वांत शिरोमणी ठरतो तो बी. ट्रेव्हनच्या कथेवरचा, रोबेर्तो गाव्हाल्दोन दिग्दर्शित 'मकारिओ' (१९६०). परभाषी चित्रपटांच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला हा पहिला मेक्सिकन चित्रपट.

मकारिओ हा लाकूडतोड्या. आयुष्यात एकदा तरी अख्खा टर्की पक्षी कोणालाही वाटा न देता एकट्याने खायचा, एवढीच त्याची इच्छा. बायको चोरून पक्षी आणते. रानात सैतान वाटा मागतो, देव मागतो. तो दोघांनाही नाकारतो. मृत्यू येतो तेव्हा मात्र निम्मा पक्षी देऊन टाकतो. कारण तो नंतर सांगतो : मृत्यू समोर आला म्हणजे वेळ संपली, तो खात बसेल तेवढा अवधी तरी आपल्याला मिळेल. कथेच्या पातळीवर ही निव्वळ चतुराई आहे. पण एन्रिके लुसेरोने साकारलेल्या त्या कृश मृत्यूकडे लोपेस तार्सो ज्या नजरेने पाहतात, तिच्यात चतुराईखाली आणखी काही दिसते : एका उपाशी माणसाने दुसऱ्या उपाशी चेहऱ्याला दिलेली ओळख. मला तो अर्थ त्यांच्या चेहऱ्यावर सापडला. टीकाकार जे परिच्छेदांतून करतो, ते इथे एका नटाने डोळ्यांनी केले आहे.

पुढे त्यांनी दूरचित्रवाणीवर 'एस्मेराल्दा'सारख्या (१९९७) लोकप्रिय मालिका केल्या. अभिरुचीसंपन्न समीक्षक अशा कामाकडे उतार म्हणून पाहतात. मला ते पटत नाही. ज्या घरांत रुल्फोचे पुस्तक कधी उघडले जात नसेल, तिथेही रोज संध्याकाळी रुल्फोची वाक्ये पेललेला आवाज पोहोचत होता. मेक्सिकन क्रांतीचे 'कोरिदो', म्हणजे आपल्या पोवाड्याच्या जवळचे कथनगीत, त्यांनी याच आवाजात ध्वनिमुद्रित केले होते.

११ मार्च २०२३ रोजी, वयाच्या ९८व्या वर्षी ते निवर्तले. रूपांतराचा अभ्यास करताना संहिता आणि पडदा यांच्यामध्ये उभ्या असलेल्या या तिसऱ्या वाचकाला आपण कधी जागा देणार, हा प्रश्न त्यांच्या भूमिका आपल्यापुढे ठेवतात.